नीळकंठरावांची ‘आपली’

नीळकंठरावांच्या भाषेत उपाशी माणसाचं क्रियापद वेगळं होतं आणि जेवलेल्या माणसाचं वेगळं. त्यामुळे बोलता बोलता रूप बदलायचं झालं, की ते कोटाच्या खिशातून चार फुटाणे काढून तोंडात टाकत आणि मग वाक्य पुरं करीत. एकादशीला त्यांची फार पंचाईत होई.

ही भाषा त्यांनी स्वतः तयार केली होती. तिला ते नुसतं ‘आपली’ म्हणत. ‘आपलीत सांगू का गा?’ असं त्यांनी विचारलं, की कचेरीतले लोक कागद उचलून दुसऱ्या खोलीत जात. मला जाता येत नसे. माझं टेबल त्यांच्या टेबलाला चिकटून होतं आणि महाल भागातलं माझं बिऱ्हाडही त्यांच्या दारासमोर. बायको गेल्यावर ते एकटेच राहत आणि मी आयताच त्यांच्या तावडीत सापडलो होतो.

आम्ही दोघं नकलनवीस. जमिनीच्या, वाटणीच्या, भांडणाच्या कागदांच्या नकला काढायच्या. नक्कल झाली की मुकाबला. म्हणजे एकानं मूळ कागद मोठ्यानं वाचायचा, दुसऱ्यानं नकलेवर बोट ठेवून ऐकायचं. मग खाली डावीकडे लिहिणाऱ्याची सही, उजवीकडे मुकाबला करणाऱ्याची. दोन सह्या नसल्या तर नक्कल खरी नाही.

‘तीस वर्सं लोकायचंच लिहून राहिलो,’ नीळकंठराव म्हणत. ‘त्यात एक काना माह्या मनाचा नाही. मंग वाटलं, एक भाषा तरी आपली असावी.’

या भाषेत एक व्यंजन बैल हाकताना जिभेनं काढतात त्या आवाजाचं होतं, आणि एक गरम चहावर फुंकर मारल्याचं. लिपी तर विचारूच नका. पळी, चिमटा, झारा, पोळपाट, उखळ अशा आकृत्यांची चौतीस अक्षरं. आमचे हेडक्लार्क विचारायचे, ‘नीळकंठराव, पत्र लिहिता की रुखवत मांडता?’ सगळे हसत. नीळकंठराव मान खाली घालून टाक पुसत बसत.

मी ‘आपली’ शिकलो तो निव्वळ भिडेखातर. रविवारी दुपारी पाटी घेऊन ते माझ्याकडे हजर. ‘काहून जांभया देऊन राहिला? एवढा झारा गिरव, मंग झोप.’ असा वर्षभर छळ झाल्यावर मला वाचता यायला लागलं. पण त्यांच्याजवळ एक जाड वही होती, ती मात्र त्यांनी मला कधी उघडू दिली नाही.

मग तो घोटाळा झाला. लढाईचे दिवस होते. भिंतीवर खडूची रेघ दिसली तरी साहेबलोकांना बंडाचा वास यायचा. अशात नीळकंठरावांनी कामठीच्या एका वाटणीपत्राच्या नकलेखाली, आपल्याच तंद्रीत, एक ओळ ‘आपली’त लिहून टाकली. मुकाबल्याला मीच होतो. घरी जायची घाई होती. मी खाली न पाहता सही ठोकली आणि नक्कल साहेबांपुढे गेली. दुसऱ्या दिवशी पोलिसांनी नीळकंठरावांच्या पेटीतून वही काढली आणि आम्हा दोघांना चौकीत आणून बसवलं.

‘कोणाले निरोप पाठवून राहिले?’ फौजदारानं विचारलं. ‘वाचून दाखवा. नाही तं वही चुलीत जाईल अन् तुमी आत.’

‘मले टाका आत,’ नीळकंठराव म्हणाले. ‘वही नोका जाळू. पण मी वाचत नाही.’

त्यांच्या नोकरीचे सहा महिने उरले होते. न पाहता ठोकलेली सही माझं मन खात होती. शेवटी मी म्हणालो, ‘मला वाचता येतं.’ नीळकंठरावांनी माझ्याकडे पाहिलं. ती नजर मी अजून विसरलेलो नाही.

मी वाचून मराठीत सांगू लागलो. ‘आज मेथी आणली. मीच निवडली, काड्या राहिल्या. तू असतीस तर रागावली असतीस.’ पुढचं पान : ‘कुहीहून तुझा भाऊ आला होता. तांदूळ दिले. तुझ्यासारखा हसतो, म्हणून त्याला लवकर वाटेला लावलं.’ आणि नकलेखालची ती बंडखोर ओळ : ‘थंडी पडली. तुझी शाल पेटीतच आहे.’

‘कोण आहे ही?’

‘माही बायको. सगुणा.’

‘कुठं राह्यते?’

मीच सांगितलं, की सगुणाबाईंना जाऊन आठ वर्षं झाली. फौजदारानं बराच वेळ दौत इकडची तिकडे केली आणि वही परत दिली.

रस्त्यात नीळकंठराव आपणहून बोलले. ‘तिले शिकाचं होतं गा. पण बाईनं अक्षर गिरवलेलं माह्या आईले खपत नव्हतं. मंग म्या भांड्यायची अक्षरं केली. चुलीपाशी राखेत काढली तरी कोणाले समजे नाही. मी लिहो, वाचो. सगुणा बोट ठेवून ऐके.’

त्यांनी वही उघडली. जुन्या प्रत्येक पानाखाली डावीकडे त्यांची सही, उजवीकडे एक छोटी वाकडी पळी. ती सगुणाबाईंची. पुढे आठ वर्षं उजवी बाजू कोरी. मला इतकं वाईट वाटलं, की मी खिशातलं पेन काढलं. ‘आज मी वाचलं, तुम्ही ऐकलं. मी करू का सही?’

त्यांनी कोऱ्या जागेवर तळहात ठेवला. ‘तिथं नोको. थे जागा तिची आहे.’

मी त्यांना तुरुंगातून वाचवलं असं कचेरीत सगळे म्हणाले. पण त्यानंतर त्यांनी वहीत एक अक्षर लिहिलं नाही, आणि माझ्याशी ‘आपली’त एक शब्द बोलले नाहीत. खिशातले फुटाणेही बंद झाले. दोघांचंच होतं ते मी चौकीत मोठ्यानं वाचलं होतं. पुढच्या उन्हाळ्यात नीळकंठराव गेले. त्यांच्या मेव्हण्यानं वही माझ्याकडे आणून दिली. त्याला ती वाचता येत नव्हती.

गेल्या रविवारी दुपारी मी एका वेगळ्या कागदावर ‘आपली’त लिहिलं, ‘नीळकंठराव, त्या दिवशी मी न पाहता सही केली. मला माफ करा.’ मोठ्यानं वाचलं. खाली डावीकडे सही केली. उजवीकडे सही करील असं आता कोणी उरलेलं नाही.