आंगचेकर काकांची प्रस्तावना

आमच्या सानपाड्याच्या सोसायटीत काही दुरुस्त करायला माणूस आला, की तो आधी आंगचेकर काकांच्या तावडीत सापडतो. मागे आमचा नळ गळत होता, तर प्लंबरला त्यांनी माझ्या दारातच गाठलं. माझ्या उजव्या कानाच्या जरा बाजूला बघत ते म्हणाले, "मंडळी, आज आपल्यासोबत आहेत थेट उलव्याहून आलेले इरफानभाई! इरफानभाई, पाण्याशी आपलं नातं कसं जुळलं?" आणि स्वतःची मूठ त्याच्या तोंडासमोर धरली. तो बिचारा मुठीत वाकून म्हणाला, "वॉशर गया है."

माझ्या कानाजवळ काकांचा कॅमेरा असतो, हे मला फार उशिरा कळलं. काका एका वाहिनीवर दर रविवारी सकाळी गावोगावचे कलावंत घेऊन यायचे. दशावतार, नमन, गोंधळ, भारूड. जिथे एसटीसुद्धा जात नाही तिथे काका पोचायचे. पुढे कार्यक्रम बंद झाला, काका निवृत्त झाले, तोंड मात्र झालं नाही. एकदा सुरू झाले की थांबायचं नाव नाही. मग काकू स्वयंपाकघरातून ओरडतात, "कट!" आणि काका वाक्याच्या मधोमध गप्प होतात. मी वैतागते खरी, पण तो राग टिकत नाही. इतक्या कौतुकाने माझी ओळख माझ्या सासरीही कुणी करून दिलेली नाही.

यंदा गणपतीत काकांनी हट्टच धरला, सिंधुदुर्गातून चित्रकथीवाल्याला बोलवायचं. एकेक चित्र समोर धरून गात गात रामायण सांगायचं, ही त्याची कला. आमचे सेक्रेटरी शिंदे म्हणाले, "काका, पब्लिकला हाउजी पायजे. कशाला फुकट टेन्शन?" मी सांस्कृतिक समितीत आहे. भांडून भांडून वीस मिनिटं मिळवली. शिंद्यांनी मलाच दम भरला, "वीस म्हणजे वीस. साडेआठला माईक बंद."

वीस मिनिटांत काकांची प्रस्तावनासुद्धा संपत नाही! तो माणूस एवढ्या लांबून यायचा आणि न गाताच परत जायचा.

चित्रकथीवाला नारायण आला. तिशीचा असेल, अंगाने बारीक. कापडात बांधलेलं चित्रांचं बासन त्याने प्रवासभर मांडीवरच ठेवलं होतं म्हणे. काका इस्त्रीचा कुर्ता घालून माईकपाशी गेले, तशी लोकांनी मोबाईल बाहेर काढले. शेवटच्या रांगेत काकू तयारीतच उभ्या होत्या.

काका म्हणाले, "मंडळी, हे नारायण. ऐका."

एवढंच. माईक नारायणसमोर ठेवला आणि खाली सतरंजीवर पोराटोरांमध्ये जाऊन बसले. काकूंचं तोंड उघडं ते उघडंच राहिलं.

नारायण काय गायला! साडेआठ वाजले तेव्हा शिंदेच म्हणाले, "चालू द्या हो, हाउजी काय पळून जाते का?"

सगळं आवरल्यावर मी काकांना गाठलं. "काका, तब्येत बरी आहे ना? आज एवढंच बोललात?"

"ह्याच्या वडिलांवर मी एक भाग केला होता," काका म्हणाले. "त्यात मीच इतका बोललो, की त्यांच्या गाण्याला शेवटी मिनिटभर उरलं. अख्खं गाव एका टीव्हीसमोर जमलं होतं, त्यांना बघायला. आणि दिसत होतो मी. त्यांनी कधी बोलून दाखवलं नाही. दर दिवाळीला आठवणीने फोन करायचे. दरवेळी वाटायचं, आता माफी मागू. राहूनच गेलं, आणि मग ते गेले."

नारायण शेजारीच चित्रं गोळा करत होता. त्याने मान वर केली. "काकानू, बाबा सांगायचे, तुमी येवन गेल्यात, तेवापासून लोक आमका वळखूक लागले."

काकांचे डोळे भरून आले होते. त्यांनी बासनाच्या कापडाचं एक टोक धरलं, दुसरं नारायणने धरलं, आणि दोघं मिळून ती चित्रं हळूहळू गुंडाळत बसले.