पुस्तकातल्या पोरींचे डॉक्टर

लंडनजवळच्या आमच्या पिनरमधले डॉक्टर नेने कादंबऱ्या वाचत नसत, तपासत. कादंबऱ्याही कुठल्या, तर शे-दीडशे वर्षांपूर्वी अमेरिकेत मुलींसाठी लिहिलेल्या. घरात गरिबी, बाप लांब, आई सोशिक, मुली शिवणकाम करता करता शहाण्या होणार आणि त्यांतली सगळ्यात गुणी पोर तापाने अंथरूण धरणार. जुन्या वस्तूंच्या चॅरिटी शॉपमधून असली पुस्तकं पिशव्या भरभरून आणायची आणि समासात पेन्सिलीने प्रिस्क्रिप्शन लिहायचं: 'न्यूमोनिया. पेनिसिलिन द्या. खिडकी उघडा.' जन्मभर लहान मुलांचे डॉक्टर. रिटायर झाले तरी पेशंट सुटेनात. कादंबरीतल्या डॉक्टरवर तर त्यांचा भारी राग. "गाढव नुसता नाडी धरून बसलाय," म्हणायचे. मी फोन केला की नेनेकाकू शांतपणे सांगत, "राउंडवर आहेत. तासाभराने कर."

दोन हजार चार-पाचची गोष्ट. माझी ईशा तेव्हा दहा वर्षांची. एका शनिवारी तिने त्यांच्याकडून पुस्तक आणलं आणि दुपारी रडकुंडीला आली. शेवटची साठेक पानं जखमेवर लावायच्या चिकटपट्टीने गच्च बांधलेली. आजारी मुलगी जगली की नाही, कळायला मार्गच नव्हता. आम्ही तडक त्यांचं घर गाठलं.

डॉक्टर ओशाळले. मग सगळ्याच पुस्तकांचं गुपित बाहेर पडलं. ताप चढला की पुढची पानं ते बंद करून टाकत. त्यांच्या वॉर्डात पूर्वी नऊ वर्षांची एक मुलगी होती. भेटायला फारसं कोणी यायचं नाही. उशाशी असलंच एक पुस्तक होतं, त्यातलं एक प्रकरण ते रोज राउंड संपला की तिला वाचून दाखवत. पुस्तक संपायच्या आत ती गेली.

"त्यानंतर शेवट नाही वाचवत गं मला," ते ईशाला म्हणाले.

ईशा उठली. काकूंकडून कात्री आणून तिने पट्टी कापली आणि सोफ्यावर मांडी घालून वाचत सुटली. डॉक्टर खिडकीकडे तोंड करून उभे राहिले. चहा निवून गेला.

"आजोबा," ती आपल्या मोडक्या मराठीत म्हणाली, "ती मेलाच नाही. ती स्कूलला पण गेला."

"बरी कशाने झाली?"

"आईच्या सूपने."

"नुसत्या सूपने? शक्य नाही." त्यांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा लावला आणि तिच्या शेजारी येऊन बसले. "कुठलं पान? मोठ्याने वाच."