डावी मिशी

फोनमधलं मांजर पियानोवरून घसरलं, सलूनवाला खो खो हसला आणि घरमालकांची डावी मिशी गेली.

मालकांनी खुर्चीतच बसून सलूनवाल्याची बिनपाण्यानं केली. "गाढवा, हात इथं अन् डोळे त्या डबड्यात! पुन्हा वाढली की येतो. तेव्हा केसभर जरी चुकलास, तर हा गाळा रिकामा करायचा!" उरलेली उजवी त्यांनी स्वतःच उतरवली. वस्तरा याच्या हाती द्यायची कुणाची छाती होती?

गाळ्यामागंच बिऱ्हाड. बायकोनं सगळं ऐकलं आणि फोन पिठाच्या डब्यात खुपसला. "मालकांची मिशी वाढेपर्यंत रोज सकाळी तळ्यावर जाऊन बसा."

"तिथं आहे काय?"

"काही नाही. म्हणूनच."

हल्ली माणसाला डोळे असतात, पण भाड्यानं दिलेले. याचे तर गहाणच पडले होते. तळ्यावर बसून अंगठा आपला हवेत सरकतोय. झाड दिसलं, सरकव. बदक दिसलं, सरकव. बदक काही सरकेना. मग फांदीवर खंड्या पक्षी दिसला. मान रोखलेली, नजर पाण्यात. 'हा सूर मारताना बघायचाच' म्हणून सलूनवाला हटून बसला. रोज बसू लागला. हळूहळू डोक्यातली भुणभुण थांबली आणि पाण्यावरची बारीक रेघही दिसायला लागली.

मालक आले. मिशी झुपकेदार, हातात मुलानं घेऊन दिलेला नवाकोरा फोन. "गाळा लक्षात आहे ना?"

सलूनवाल्यानं खंड्यासारखी मान रोखली. डावी बाजू किंचित जाड. पूर्वी हे त्याच्या बापालाही दिसलं नसतं. कापली. आता उजवी जाड. कापली. पुन्हा डावी. दिसतंय म्हटल्यावर सोडायचं कसं? शेवटी दोन्ही बाजू अगदी सारख्या झाल्या, कारण दोन्ही उरल्या नव्हत्या.

मागं दुर्लक्षानं अर्धी गेली होती, या खेपेला लक्ष देऊन सगळी गेली. दारातून बायकोनं कपाळावर हात मारला.

"मालक... झालं," सलूनवाला कसाबसा म्हणाला.

मालक उठले. त्यांच्या फोनमधलं मांजर पियानोवरून घसरत होतं. "मस्त!" म्हणत त्यांनी नसलेल्या मिशीला पीळ दिला आणि खुदुखुदु हसत, पायरी चुकत, बाहेर पडले.

बायको पुढं आली. हळूच म्हणाली, "अहो, त्यांना तळ्याचं तेवढं सांगू नका."