वांगी न्यायला या, जेवूनच जा

माझी सिस्टीम बंद पडली नाही, हे आधीच सांगून ठेवतो. सहा दिवस, चोवीस तास, एका सेकंदाचीही शांतता नाही! सॉफ्टवेअरमध्ये बावीस वर्षं काढली. साताऱ्याहून पुण्याला आणि पुण्याहून नॉर्थ कॅरोलायनातल्या मॉरिसव्हिलला येऊन पडलो. एवढ्या काळात मी उभी केलेली एकही सिस्टीम बंद पडलेली नाही. बंद पडतो तो मी. आत्ता हे लिहितानाही माझे पाय गरम पाण्याच्या बादलीत आहेत आणि माझी बायको इला समोरून जाता-येता एक अक्षर बोलत नाहीये. चिडून बोलली असती तरी चाललं असतं.

सुरुवात आईपासून झाली. माझी आई शोभना साताऱ्याच्या शाळेत एकतीस वर्षं इंग्रजी शिकवून निवृत्त झाली आणि एप्रिलमध्ये सहा महिन्यांसाठी आमच्याकडे आली. पहिल्या आठवड्यात तिने घर आवरलं. दुसऱ्या आठवड्यात आवरलेलं घर पुन्हा आवरलं. तिसऱ्या आठवड्यात मागच्या अंगणात वांगी लावली. मग करायला काही उरलं नाही. मी आणि इला दिवसभर कॉलवर, मुलगी आन्या शाळेत.

"घरात चार माणसं आणि बोलायला एक नाही," आई म्हणाली.

मी एका गराज सेलमधून जुना रेडिओ आणून दिला. आईने बटण फिरवत फिरवत त्यावर रस्टी गेट रेडिओ शोधून काढला.

रस्टी गेट म्हणजे इथून पाऊण तासावरच्या हॅडली क्रॉसिंग नावाच्या खेड्यातलं कंट्री म्युझिकचं स्टेशन. गाण्यांत कुणाची बायको गेलेली, कुणाचा ट्रक गेलेला, कुणाचा कुत्रा गेलेला. जे गेलं त्याबद्दल गिटार घेऊन तक्रार करायची, असा एकूण कारभार! पण आईला ते आवडलं.

"एक एक शब्द कळतो रे," ती म्हणाली. "आणि माणूस खरंच दमून गातोय, हे ऐकू येतं."

दमण्याचाच प्रश्न असेल तर मीही गाऊ शकलो असतो. गाण्यांच्या मधे डुकरांचे भाव, चर्चमधलं जेवण, दुपारी बाराला गावात कोण वारलं त्यांची नावं. आणि सकाळी नऊला 'फेन्स पोस्ट'. या कार्यक्रमात लोक फोन करून आपल्याकडे काय द्यायचंय आणि काय हवंय ते सांगतात. नांगर आहे, मांजरीची पिल्लं आहेत, डाव्या पायाचा बूट सापडलाय. एकाची वस्तू दुसऱ्याला, दुसऱ्याची पहिल्याला. आई हे वही घेऊन ऐकायची.

जुलैत तिचा वाढदिवस आला. काय हवंय विचारलं तर म्हणाली, "ते स्टेशन दाखव."

गायींच्या कुरणात एक पत्र्याचं घर, त्याच्यामागे टॉवर आणि टॉवरच्या सावलीत बसलेल्या गायी. बस्स, हेच स्टेशन! आत स्टेशन चालवणाऱ्या एकोणऐंशी वर्षांच्या मिस डॉटी एकट्या बसल्या होत्या. एक गुडघा खुर्चीवर ठेवलेला, त्यावर बर्फाची पिशवी.

"वडिलांचं पशुखाद्याचं दुकान होतं," त्या सांगू लागल्या. "त्रेपन्न साली त्यांनी मागच्या खोलीत स्टेशन काढलं. शेतकरी पेंड घ्यायला आले की माइकसमोर उभे राहून गायचे. कोण चांगलं गातं ते बघायला वेळ कुणाला होता? जो पेंड घ्यायला आला, तो गायला!"

भिंतींना आवाज घुमू नये म्हणून लावलेली पोती अजून त्याच पेंडीची होती. चौऱ्याहत्तर सालापासून मिस डॉटी रोज पहाटे साडेचारला उठून सगळं एकट्या करत होत्या.

"नियम एकच. शांतता नको. अठ्ठ्याण्णव साली मला शिंकांची उबळ आली आणि अर्धा मिनिट आवाज गेला. लोकांना वाटलं, मी गेले. संध्याकाळपर्यंत दारात सात केक आले होते."

आई हसली. मिस डॉटी मात्र हसता हसता थांबल्या.

"माझा भाचा क्लेटन म्हणतो, विकून टाकू. अर्धं स्टेशन त्याचं आहे. एक मोठी कंपनी विकत घेतेय. गाणी कुठल्यातरी शहरातून येतील, इथे फक्त टॉवर राहील. पुढच्या शनिवारी दुपारी तो कागद घेऊन येतोय. म्हणतो, रेडिओ आता ऐकतं कोण?"

"तुम्हाला काय वाटतं?" आईने विचारलं.

"ऐकतात, हनी. पण दाखवू कसं? आणि रोज साडेचारला उठणं या गुडघ्याला आता होत नाही."

आईच्या डोळ्यांत पाणी आलं. तिने माझ्याकडे पाहिलं. मुलाला फळ्यापाशी बोलवताना ती अशी बघायची.

ऑफिसात रिलीज तोंडावर होतं. दोन आठवडे नीट झोप नव्हती. तरी मी म्हणालो, "मिस डॉटी, एका दिवसात सगळं ऑटोमेट करून देतो! तुम्ही आठवडाभर कुणाकडे तरी जाऊन आराम करा. शनिवारी क्लेटनला दाखवा, स्टेशन आपोआप चालतं!"

रविवारी मी सिस्टीम बसवली. गाणी, फोनवरून येणारे भाव, दर तासाला स्टेशनचं नाव, सगळं आपोआप. 'फेन्स पोस्ट'चे फोनही मशीनच घेणार आणि मशीनच ऐकवणार. वर माझी स्वतःची एक हुशारी: ज्या घोषणेवर सगळ्यात जास्त फोन येतील, ती दर तासाला पुन्हा लावायची. ऑफिसात अशा कल्पनेला तीन मीटिंगा लागतात. मी ती उभ्या उभ्या लिहिली! कुणी चुकून हात लावू नये म्हणून स्टुडिओला कुलूप. गाय तारेला घासली की तिथलं इंटरनेट जातं, म्हणून मशीनला फोनची लाइन जोडली, इंटरनेट दिलंच नाही. किल्ली मिस डॉटींच्या पर्समध्ये आणि मिस डॉटी डोंगरातल्या बहिणीकडे, जिथे मोबाइलला रेंज नाही. मी तीन दिवस निवांत होतो.

बुधवारी संध्याकाळी बेल वाजली. दारात मोठी हॅट घातलेले एक गृहस्थ, त्यांच्या सौ. आणि एका खोक्यात पाच कोंबड्या.

"मिस शोभना इथेच राहतात ना? मी अर्ल. शनिवारी किती वाजता यायचं, ते विचारायला आलो."

"कशाला यायचं?"

"जेवायला," अर्ल म्हणाले. "या कोंबड्या वांग्यांच्या बदल्यात. फुकट काही घेत नाही आम्ही."

ते गेल्यावर मी आईला विचारलं. तिने शांतपणे सांगितलं. मागे वांगी फार आली होती. शेजारच्यांना देऊन झाली, शेजारचे आता तिला पाहून पडदे ओढत होते. म्हणून सोमवारी तिने 'फेन्स पोस्ट'ला फोन केला, पत्ता दिला आणि म्हणाली, "शनिवारी मुलगा घरी असतो, तेव्हा या. सगळ्यांना घेऊन या. नुसती वांगी नेऊ नका हं, जेवूनच जा!"

"आई! जेवून जा कशाला म्हणालीस?"

"अरे, म्हणायची रीत असते! आपण रोज दहा जणांना म्हणतो. येतं का कुणी?"

"इथले लोक येतात! इथे 'या' म्हणजे 'या'!"

तेवढ्यात सहा वाजले. किचनमधल्या रेडिओवर स्टेशनचं नाव झालं आणि पाठोपाठ आईचा आवाज आला, "सगळ्यांना घेऊन या..." सात वाजता पुन्हा. आठ वाजता पुन्हा. लोक वेळ विचारायला फोन करत होते, जास्त फोन आले म्हणून मशीन ती घोषणा पुन्हा लावत होतं, ती ऐकून आणखी लोक फोन करत होते. माझा नियम अगदी अचूक चालला होता.

इला म्हणाली, "यतीन, हे कॅन्सल कर. आत्ता."

स्टुडिओला कुलूप आणि किल्ली डोंगरात, मशीन थांबवणार कसं? गुरुवारी सकाळी मी आईला एका कागदावर वाक्य लिहून दिलं: 'शनिवारचा कार्यक्रम रद्द झाला आहे.' नऊ वाजता तिने फोन लावला. मी समोर उभा.

"नमस्कार. शोभना बोलतेय. शनिवारी फार गर्दी होईल असं दिसतंय..."

मी मान डोलावली.

"...तेव्हा जरा लवकरच या. म्हणजे बसायला जागा मिळेल."

"आई!!"

"बोलावलेल्या माणसाला 'येऊ नका' कसं म्हणू रे? जीभच वळत नाही!"

दुपारपर्यंत तीही घोषणा दर तासाला लागू लागली.

शनिवारचं काय सांगू! शुक्रवारी इलाने आणि मी दोन दुकानांतला तांदूळ संपवला. मी चाळीस वांगी भाजली, आईने भरीत घोटलं, इलाने भांडी आपटली. अकराला पहिला पिकअप ट्रक आला. साडेअकरापर्यंत आमची गल्ली, पुढची गल्ली आणि लहान मुलांच्या बागेभोवतीचा रस्ता भरला. कुणी रिकाम्या हाती आलं नव्हतं. ॲपल पाय, केक, बटाट्याचं सॅलड, शिवाय एक ट्रॅक्टरचं टायर, तेही वांग्यांच्या बदल्यात. दोनशेपर्यंत मी मोजलं, पुढे पाय दुखायला लागले.

आमच्या सोसायटीत गवत किती इंच वाढावं याचाही नियम आहे. सोसायटीचा अध्यक्ष निमिष, नागपूरचा, धावत आला.

"यतीन, यार, हे काय आहे? पिकअप पार्क करणं अलाउड नाही इथे!"

"निमिष, तू आलास बरं झालं," आई म्हणाली आणि तिने त्याच्या हातात ताट दिलं. पाच मिनिटांनी तो अर्लशेजारी बसून ट्रॅक्टरबद्दल बोलत होता.

"डॅड," आन्या येऊन म्हणाली, "द हेन्स आर आउट."

मी तिसरी कोंबडी पकडत होतो, तेव्हा गर्दीतून मिस डॉटी लंगडत आल्या. त्यांच्यामागे टाय लावलेला, घामाघूम झालेला क्लेटन, हातात कागदांची फाइल. पार्किंग न मिळाल्यामुळे गाडी मैलभर लांब लावून दोघं चालत आले होते.

"गावात कुणीच नाही!" मिस डॉटी म्हणाल्या. "पेट्रोल पंप बंद. दारावर पाटी, 'शोभनाकडे जेवायला गेलो आहोत'. कोण शोभना, कुठली शोभना, मला वाटलं गावाला काही झालं! मग गाडीतल्या रेडिओवर पत्ता ऐकला!"

मी त्यांना खुर्ची दिली. त्या बसल्या. समोरच्या माणसांकडे बघत राहिल्या आणि मग मोठ्याने म्हणाल्या, "रेडिओवर ऐकून कोण कोण आलंय?"

सगळ्यांचे हात वर गेले. कुणाच्या हातात चमचा, कुणाच्या हातात पोळी. एका आजोबांनी दोन्ही हात वर केले. मिस डॉटींनी तोंडावर रुमाल धरला. त्या रडत होत्या. खरं सांगतो, बगलेत कोंबडी धरून उभा होतो तरी मीही हात वर केला.

"ऐकतं कोण, म्हणत होतास ना?" त्या भाच्याला म्हणाल्या.

क्लेटनने हात मोजायला सुरुवात केली आणि सोडून दिली. मग त्याने ती फाइल काखेत मारली. "राहू दे, आत्या. मी नाही विकत." आणि थोड्या वेळाने, "हे सगळे खातायत ते काय आहे? मला मिळेल का?" आईने त्याला भरीत वाढलं.

आता माझं कौतुक होईल म्हणून मी पुढे सरसावलो. "बघा मिस डॉटी! सहा दिवस, एकदाही बंद पडली नाही!"

"हनी, एक सांग. शोभनाने बोलावलं किती वेळा?"

"एकदाच. म्हणजे, आमच्याकडे तशी म्हणायची रीत आहे. खरं कुणी येत नाही."

"आमच्याकडेही तीच रीत आहे!" मिस डॉटी म्हणाल्या. "निघताना प्रत्येक जण म्हणतो, या हं घरी. माझ्या आख्ख्या आयुष्यात कुणी गेलेलं नाही."

"मग हे सगळे...?"

अर्लनी हॅट काढली. "एकदा म्हणाल्या असत्या तर कशाला आलो असतो? पण बाई दर तासाला बोलावत होत्या! दूध काढताना, ट्रॅक्टरवर, रात्री अंथरुणावर पडलो तरी! इतका आग्रह आम्हाला जन्मात कुणी केला नव्हता. नाही म्हणणं बरं दिसलं नसतं."

हे इलाने ऐकलं. तेव्हापासून ती बोलत नाहीये.

मिस डॉटींनी निघताना फर्मान काढलं. मशीन काढून न्यायचं. स्टेशन त्या स्वतःच चालवणार, सकाळचे दोन तास क्लेटन सांभाळणार आणि 'फेन्स पोस्ट' ऑक्टोबरपर्यंत आई करणार. आईला गाडी चालवता येत नाही, याकडे कुणाचं लक्ष गेलं नाही. माझं गेलं.

"उद्या या दोघं. मशीनही ने आणि जेवायलाच या," त्या मला म्हणाल्या.

"हो हो, नक्की," मी म्हणालो. ज्या सुरात हे म्हटलं की कुणी जात नसतं, त्या सुरात.

आई मात्र आत्ताच दारात येऊन विचारून गेली, "उद्या किती वाजता निघायचं?" मी म्हटलं, बघू. पाच मिनिटांनी पुन्हा येऊन विचारून गेली. बादलीतलं पाणी गार झालंय, गराजमध्ये पाच कोंबड्या ओरडतायत आणि जिन्यावर आईची चप्पल तिसऱ्यांदा वाजतेय.