लिमयेसरांचे जिवाणू

लिमयेसरांसमोर ‘जंतू’ हा शब्द उच्चारायची सोय नव्हती.

नारायण पेठेतल्या या इमारतीत आम्ही राहायला आलो, त्याच आठवड्यात मला हे कळलं. सर पहिल्या मजल्यावर, आम्ही त्यांच्या डोक्यावर दुसऱ्या. जिन्यात भेट झाली. नवीन ओळख, काहीतरी बोलायला हवं म्हणून मी म्हणालो, “गच्चीवरची टाकी एकदा साफ करून घ्यायला हवी. पाण्यात जंतू झालेत म्हणतात.”

सर मला ओलांडून खाली गेले होते. ते परत चढून वर आले.

“कोणते?”

“कोणते म्हणजे?”

“जंतू म्हणालात ना आपण? मग कोणते? जिवाणू, विषाणू, बुरशी? काही नावगाव?”

मी बँकेतला माणूस. “साधेच असतील,” असं काहीतरी पुटपुटलो. सरांनी माझ्याकडे जे पाहिलं, तसं पाहणं त्यांनी कॉलेजात नापास होणाऱ्या पोरांसाठी राखून ठेवलेलं असणार. सूक्ष्मजीवशास्त्र शिकवून ते निवृत्त झाले होते, पण त्यांच्यातला मास्तर काही निवृत्त झाला नव्हता. तिथेच, कठड्याला टेकून, माझा तास झाला.

“हे बघा, सूक्ष्मजीव हे सगळ्यांचं मिळून नाव. डोळ्यांना दिसत नाहीत ते सगळे त्यात आले. त्यातले जिवाणू वेगळे, ते स्वतःचं स्वतः जगतात, खातात, वाढतात. विषाणू वेगळा, तो दुसऱ्याच्या घरात शिरल्याशिवाय काही करू शकत नाही. आणि जंतू हा तुम्ही लोकांनी सगळ्यांना मिळून लावलेला शब्द. पोटातला जंतही त्यातच, आणि दूध नासवणाराही त्यातच. एक चोर नारायण पेठेत सापडला म्हणून उद्या तुम्हाला कुणी चोर म्हटलं तर चालेल का?”

“नाही चालणार,” मी म्हणालो.

“मग त्यांनाही चालत नाही,” असं म्हणून सर भाजी आणायला गेले.

कोपऱ्यावरच्या डॉक्टरांनी त्यांना एकदा तापात तपासलं आणि सांगितलं, “व्हायरल आहे सर. जंतूंसाठी एक गोळी देतो.” सर अंगात ताप असताना उठून बसले. “विषाणू आहे म्हणता, आणि गोळी जिवाणूंवरची देता? चोर नारायण पेठेत आणि पोलीस कर्वेनगरात?” डॉक्टरांनी गोळी खोडली. पुढे सर दवाखान्याच्या पायरीवर दिसले की डॉक्टर स्वतःच आतून ओरडायचे, “विषाणू आहे, सर, विषाणू!”

समोरचा दुकानदार तर मुद्दाम खोडी काढायचा. “सर, नवीन साबण आलाय. सगळे जंतू मारतो.”

“सगळे मारले तर तुमचं गिऱ्हाईकही मरेल. आपल्या आतड्यात जे जिवाणू आहेत ना, त्यांच्या जिवावर जेवण पचतं आपलं.”

“घ्यायचा नसेल तर नका घेऊ. पण त्याचा अपमान करू नका.”

अशी ही जुगलबंदी चालायची आणि दोघांनाही ती आवडायची.

एवढ्या मोठ्या पुण्यात ‘जंतू’ हा शब्द सरांच्या तोंडावर रोज, न चुकता, हसत हसत उच्चारणारी एकच व्यक्ती होती. त्यांची बायको. कमलवहिनी.

वहिनींचं दही आमच्या इमारतीत प्रसिद्ध होतं. लग्न होऊन आल्या तेव्हा साताऱ्याहून आईकडचं विरजण डबीत घालून त्यांनी आणलं होतं, आणि ते कधी मोडू दिलं नव्हतं. आजच्या दह्यातलं चमचाभर उद्याच्या दुधाला, असं ते चालत आलेलं. सरांनी एकदा थर्मामीटर लावून, अगदी शास्त्रशुद्ध दही लावलं होतं म्हणे. सकाळी दुधाचं दूधच. वहिनी दुधात करंगळी बुडवायच्या आणि ‘हं’ म्हणायच्या. त्या ‘हं’ला काय तापमान म्हणायचं, ते सरांना शेवटपर्यंत मोजता आलं नाही.

आमचं आणि त्यांचं स्वयंपाकघर एकाखाली एक. रात्रीची जेवणं आटोपली की खालून वहिनींचा आवाज यायचा.

“अहो, तुमच्या जंतूंना कामाला लावलं बरं का!”

“जिवाणू म्हण, कमल.”

“बरं, जिवाणू.”

दुसऱ्या दिवशी पुन्हा ‘जंतू’च. माझी बायको सुधा म्हणायची, यांचं झालं, आता आपण दिवा मालवायला हरकत नाही.

विरजण मागायला सगळी इमारत वहिनींकडे जायची. फक्त दिवेलागणीला जायचं नाही. तिन्हीसांजेला घरातून विरजण द्यायचं नाही, हा त्यांचा नियम. सर वैतागायचे. “जिवाणूंना घड्याळ कळत नाही, कमल. दे की त्यांना.” वहिनी विरजण मागायला आलेल्या बाईला सांगायच्या, “सकाळी ये गं. यांचं नको मनावर घेऊ.”

मग वहिनींचं एक छोटंसं ऑपरेशन झालं. छोटंच, सगळे तसंच म्हणत होते. सर सकाळी पेज घेऊन जायचे, संध्याकाळी येऊन आम्हाला हालहवाल सांगायचे. एके दिवशी ते आलेच नाहीत. जखमेतून संसर्ग रक्तात गेला होता. वहिनी घरी परतल्या नाहीत.

भेटायला येणाऱ्यांची रीघ लागली. त्यात सरांचे कुणी लांबचे मेहुणे आले होते. सरांच्या हातावर हात ठेवून ते म्हणाले, “काय करणार सर. जंतूंनी डाव साधला.”

आम्ही सरांकडे पाहिलं. खरं सांगतो, त्या क्षणी मला वाटत होतं, सरांनी उसळावं. नावगाव विचारावं.

“हो,” सर म्हणाले. एवढंच.

त्यानंतर त्यांनी कुणाला दुरुस्त केलं नाही. आम्ही वाट पाहिली. महिने गेले. एकदा दुकानदाराने मला हाक मारून जवळ बोलावलं. नेहमी टोमणे मारणारा माणूस, पण चेहरा पार उतरलेला होता. “मी मुद्दाम म्हणालो हो सरांना, सगळे जंतू मारणारा साबण आहे म्हणून. म्हटलं, चिडतील, बोलतील जरा.”

“मग?”

“साबण घेऊन गेले हो!”

विरजण मागायला त्या दारात जायला आता कुणाचा पाय उचलेना. एकट्या पुरुषाकडे काय मागायचं, आणि मागितलं तर त्यांना काय वाटेल. हळूहळू घरोघर, आमच्याकडेही, डेअरीचं पिशवीतलं दही येऊ लागलं. एकदा सणाचं ताट द्यायला मी खाली गेलो, तर सर ओट्यापाशी उभे. पुढे दुधाचं पातेलं, आणि त्यात सरांची करंगळी. शेजारी वहिनींचा दह्याचा चिनी मातीचा सट.

“तुम्ही लावता?” मी विचारलं.

“लावतो. वाटीभर.” मग माझ्याकडे न बघताच ते बोलायला लागले. “तिला नेलं ते जिवाणूच होते. मला त्यांचं नाव माहीत आहे. आयुष्यभर फळ्यावर त्यांचं चित्र काढून मुलांना दाखवलं. वाटेल त्याच्याशी त्यांच्या बाजूने भांडलो. आता कुणी काही म्हणालं त्यांना, तर बोलायला तोंड उघडत नाही.” सटावर झाकण ठेवून ते पुढे म्हणाले, “आणि हेही जिवाणूच. घरात तिच्या साड्या आहेत, भांडी आहेत, पण त्या वस्तू झाल्या. तिच्या हातचं जिवंत असं एवढंच राहिलंय. हे मोडलं की संपलं.”

ताट ठेवून मी वर आलो आणि सुधाला सांगितलं. तिने पदर डोळ्यांना लावला.

आणि नेमकं तेच झालं. सरांना एका सकाळी न्यूमोनियाने अचानक हॉस्पिटलात न्यावं लागलं. सट फ्रिजमध्येच राहिला, धावपळीत आम्हालाही तो आठवला नाही. चांगला पंधरवडा गेला. घरी सोडायच्या आदल्या दिवशी डॉक्टरांनी त्यांच्या धाकट्या बहिणीला, शरयूताईंना, बजावलं की घर अगदी स्वच्छ ठेवा, पुन्हा जंतुसंसर्ग नको. शरयूताई कर्वेनगरहून पदर खोचूनच आल्या. त्यांनी फिनेल टाकून फरश्या पुसल्या, भांडी उकळली, फ्रिज घासला. सटातलं दही आंबून पिवळं पडलेलं. ते त्यांनी मोरीत ओतलं आणि सट उकळत्या पाण्याने धुऊन उपडा घातला.

सर घरी आले. मीच रिक्षातून आणलं होतं. आत शिरताच ते तडक फ्रिजकडे गेले.

“शरयू, सट?”

“अरे दादा, किती आंबलं होतं ते! जंतू झाले असतील त्यात. ताजं पिशवीचं आणलंय बघ.”

सरांनी फ्रिजचं दार लावलं. “बरं केलंस,” ते म्हणाले आणि खुर्चीवर बसले. शरयूताईंना काही ठाऊकच नव्हतं, त्यांना कोण काय बोलणार? त्या भावासाठी राबल्या होत्या. मला मात्र सरांकडे बघवेना.

वर येऊन मी हे सुधाला सांगितलं. आमच्याकडे, शेजारी, तळमजल्यावर, सगळीकडे पिशव्याच होत्या. ती पोळी लाटता लाटता थांबली. “मुमताजभाभी! इथून जाताना त्यांनी वहिनींकडून विरजण नेलं होतं. मी होते तिथे.”

मुमताजभाभी पूर्वी आमच्याच तळमजल्यावर राहायच्या. नवऱ्याचं बाइंडिंगचं दुकान कसबा पेठेत, म्हणून त्या तिकडे राहायला गेल्या. पण त्यालाही आता कितीतरी वर्षं झाली होती. मी सरांना सांगितलं आणि मी एकटाच जाऊन येतो म्हणालो. सर चप्पल घालून आधी बाहेर. एवढ्याशा अंतराला एकही रिक्षावाला येईना, तेव्हा माझ्या खांद्यावर हात ठेवून, थांबत थांबत ते चालले. वाटेत एकच वाक्य बोलले, “भाभींकडेही नसेल, तर आपण चहा घेऊन परत यायचं. विषय काढायचा नाही.”

विषय अर्थात मीच काढला. भाभींनी ऐकून घेतलं आणि त्या सरांसमोर खालीच बसल्या.

“आहे ना, सर. असं कसं मोडू देईन? ईदला शीरखुर्म्यात सगळं दूध गेलं, तरी वाटीभर बाजूला काढते. गावाला गेलो तर नणंदेकडे ठेवून जाते. वहिनींनी बजावलं होतं मला, भाभी, विरजण मोडायचं नाही.”

सरांनी डोळे मिटले. मी घरून आणलेली डबी लगेच पुढे केली. भाभींनी ती घेतली नाही. बाहेर मगरिबची अजान सुरू झाली होती आणि गल्लीतले दिवे लागत होते.

“पण आत्ता नाही देता येणार,” त्या अवघडून म्हणाल्या. “दिवेलागण झाली. या वेळेला वहिनी मला कधीच द्यायच्या नाहीत.”

“अहो भाभी,” मी म्हणालो, “सर आजारातून उठून आलेत. आणि त्यांचा काही यावर विश्वास...”

सरांनी हात वर केला. “नाही. कमलचा नियम आहे. मी सकाळी येईन.”

भाभी उठून आत गेल्या आणि वाटीत दही, वर साखर, असं घेऊन आल्या. “न्यायचं नाही. इथे बसून खायला वहिनींची ना नव्हती.”

सरांनी एक चमचा खाल्ला.

“तेच आहे ना, सर?”

सरांचा आवाज वर्गातला होता, पण फार हळू. “शास्त्राने विचाराल तर नाही, भाभी. तिच्या हातचे होते ते केव्हाच संपले. दूध बदललं, घर बदललं, की हेही बदलतात. तेच आहे असं मला म्हणता येणार नाही.”

“मग नका म्हणू,” भाभी म्हणाल्या. “खा.”

सरांनी वाटी चाटूनपुसून संपवली. मध्येच त्यांनी चष्मा काढून बाजूला ठेवला, तो परत घालायला बराच वेळ लागला. आम्ही दोघंही दुसरीकडे बघत होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी खाली गेलो, तर दाराला कुलूप. माझी वाट न पाहता, सट कापडात गुंडाळून, सर एकटेच गेले होते.

त्याच्या दुसऱ्या दिवशी दुपारी आमची बेल वाजली. दारात सर, जिना चढून धापा टाकत. हातात वाटी, वर झाकलेली बशी. वहिनी गेल्यापासून त्या घरातून आमच्याकडे काही आलं नव्हतं.

“सुधा, हे तुमच्यासाठी. त्यातलं थोडं विरजणाला ठेव.”

तिने दोन्ही हातांनी वाटी घेतली. सर वळले नाहीत. ते उंबऱ्याकडे बघत म्हणाले, “काल रात्री कामाला लावलं... जंतूंना.”

सरांनी स्वतःहून हा शब्द वापरलेला मी आयुष्यात पहिल्यांदा ऐकला. बोलून ते तसेच उभे राहिले, कशाची तरी वाट बघत. कशाची, ते मला कळेना. सुधाला कळलं.

“जिवाणू म्हणा, सर,” ती म्हणाली.

“बरं,” सर म्हणाले, “जिवाणू.”

आणि कठडा धरून ते सावकाश जिना उतरले.