बर्फाच्या सुट्टीवर बंदी

वर्ना पेल्कीबाईंनी अंगात इस्त्रीचा कोट चढवला, गळ्यात मोत्यांची माळ घातली आणि कमरेखाली रात्रीचा पायजमा तसाच ठेवून त्या स्वयंपाकघरातल्या टेबलाशी लॅपटॉप उघडून बसल्या. खिडकीबाहेर बर्फ असा कोसळत होता की समोरची टपालपेटी कधीच दिसेनाशी झाली होती. असल्या दिवशी शाळा भरवणं म्हणजे अमेरिकेतल्या व्हरमाँटच्या डोंगरातल्या त्या हॅरोफील्ड गावात पापच समजलं जाई. पेल्कीबाई चौथीला शिकवत, आणि त्या स्वतः चौथीत होत्या तेव्हाही हाच रिवाज होता. पण आज शाळा होती. घरोघरी, पडद्यावर.

ही करणी डॉ. ग्रँट व्हिटलॉक यांची. गावच्या शाळांचे हे नवे अधीक्षक उन्हाळ्यातच ॲरिझोनाच्या वाळवंटातून आले होते, आणि बर्फ त्यांनी तोवर फक्त सरबताच्या पेल्यात पाहिला होता. पालकांच्या सभेत त्यांनी मुद्दा मांडला, "बर्फाची प्रत्येक सुट्टी आपल्याला वर्ष लांबवून जूनमध्ये भरून द्यावी लागते. पोरं घामाघूम होऊन वर्गात बसतात, शिक्षक घड्याळ बघत बसतात. आणि इंटरनेट तर घरोघरी आहे! मग बर्फ पडला म्हणून शिक्षण का थांबावं?"

मुद्दा बिनतोड होता. जूनमध्ये ज्यांचे सहलीचे बेत बोंबलले होते त्या पालकांनी जोरजोरात माना हलवल्या. उत्तर द्यायला पेल्कीबाई उभ्या राहिल्या. त्यांना सांगायचं होतं की वर्षातून चार-दोन दिवस आभाळानेच पोरांच्या हाती दिलेले असतात, त्यावर कुणा अधीक्षकाचा हक्क नाही. पण "आभाळ" म्हणतानाच त्यांचा गळा दाटला, आणि "तुम्हाला नाही कळायचं!" एवढंच म्हणून त्या मटकन खाली बसल्या. मागून कुणीतरी टाळ्या वाजवल्या, त्याही कीव आल्यासारख्या.

शेवटी शाळा मंडळाचे अध्यक्ष हॉलिस बर्डिक यांनी तोडगा काढला. पहिल्या मोठ्या बर्फाला चाचणी घ्यायची. ती सुरळीत पार पडली तर बर्फाची सुट्टी कायमची बंद.

"चाचणी पेल्कीबाईंच्याच वर्गात घेऊ," व्हिटलॉकसाहेब हसून म्हणाले. "मी आणि अध्यक्ष पडद्यावर हजर राहू. विरोधकांच्याच वर्गात जमलं, म्हणजे प्रश्नच मिटला."

आता मुद्दाम रटाळ शिकवून चाचणी बुडवणं बाईंच्या हातात होतं. पण उभ्या जन्मात त्यांनी एक तास वाईट शिकवला नव्हता, आणि आता या वयात सुरुवात करायला जीव धजेना. म्हणून त्यांनी सगळी भिस्त पोरांच्या तोडग्यांवर ठेवली. आदल्या संध्याकाळी गावातल्या यच्चयावत पोरांनी पायजमे उलटे घातले, उशीखाली चमचे ठेवले आणि संडासात बर्फाचे खडे टाकून साखळी ओढली. असं केलं की हमखास बर्फ पडतो आणि सुट्टी मिळते. बाईंचाही पायजमा उलटाच होता. बर्फ पडला, भरपूर पडला, पण सुट्टी काही मिळाली नाही.

"गुड मॉर्निंग, पोरांनो," बाई म्हणाल्या. "आज आपण अपूर्णांक करणार आहोत."

पडद्यावर सगळी पोरं आपापल्या चौकटीत सुतकी चेहऱ्याने बसली होती. मेव्हचे वडील तिच्या पाठीमागे कुणाला तरी तावातावाने विमा विकत होते. वायटचा कुत्रा एकसारखा कॅमेरा चाटत होता.

"पाहिलंत ना, हॉलिस?" व्हिटलॉकसाहेबांचा आवाज आला. ते आपल्या भाड्याच्या घरात, खिडकीकडे पाठ करून, टाय बांधून बसले होते. "शंभर टक्के हजेरी! आणि ती वरच्या कोपऱ्यातली मुलगी बघा. इतका वेळ झाला, पापणी लवली नाही तिची. याला म्हणतात एकाग्रता!"

"ती आमची टिली," अध्यक्ष नदीपलीकडच्या आपल्या घरातून म्हणाले. त्यांची छाती पडद्यावरसुद्धा फुगलेली दिसली. "नात आहे माझी. आमच्या घराण्यातच आहे ते."

पेल्कीबाईंनी चष्मा सारखा करून पाहिलं. टिली बर्डिक सलग इतका वेळ गप्प बसल्याचं त्यांनी कधी पाहिलं नव्हतं. शिवाय ऐन जानेवारीत तिने बिनबाह्यांचा झगा घातला होता, आणि तिच्या मागच्या झाडाला हिरवीगार पानं होती.

तेवढ्यात व्हिटलॉकसाहेबांच्या पाठीमागच्या खिडकीतून एक लाल टोपी डुलत डुलत गेली. टोपीखाली टिली होती. एका हातात घसरगाडीची दोरी, दुसऱ्या हातात फावडं.

"टिली?" अध्यक्षांची छाती हळूहळू खाली आली.

"सर, तुमच्या मागे बघा!" पोरांनी एकच गिल्ला केला.

साहेबांनी वळून पाहिलं, मग पडद्यावरच्या टिलीकडे पाहिलं, मग पुन्हा खिडकीतल्या. मग ताडकन उठून त्यांनी खिडकी फटभर उघडली. "तू इथे काय करतेस?"

"हे माझं घर आहे, सर," टिली म्हणाली. "म्हणजे माझ्या वाटणीचं. बर्फ पडला की आम्ही पोरं पहिल्यांदा दारं मोकळी करतो. प्रत्येकाची घरं ठरलेली असतात. तुमचं माझ्याकडे आलंय."

"तू आत्ता वर्गात आहेस!"

"आहेच की. तिथेपण आहे. उन्हाळ्यातला फोटो लावलाय."

"आत्ताच्या आत्ता घरी जा, नाहीतर गैरहजेरी लागेल!"

"पण सर, तुमचं छप्पर पत्र्याचं आहे, आणि वरती लई..."

"एक शब्द नको!"

टिलीने खांदे उडवले आणि ती शहाण्या मुलीसारखी फावडं घेऊन टेकडी चढू लागली. साहेबांनी खिडकी लावली, टाय सारखा केला, खुर्चीत बसले आणि म्हणाले, "चालू द्या, बाई. अशा किरकोळ अडचणी येणारच."

बाई पडद्यावरच्या फळ्यावर तीन चतुर्थांश लिहीत होत्या, तेवढ्यात साहेबांच्या घरात मालगाडी रुळावरून घसरल्यासारखा आवाज झाला. त्यांच्या मागची खिडकी आधी पांढरी झाली, मग काळी.

"छपरावरचा बर्फ उतरला!" पोरं ओरडली. गोल झाल्यावर ओरडतात तशी.

साहेब धावत गेले आणि धावत परत आले. "दार उघडत नाहीये! बाहेरचं दुसरं दार आहे ना, ते बाहेरच्या बाजूला उघडतं, आणि बाहेर बर्फाचा ढीग!"

"मागचं दार, ग्रँट?" अध्यक्षांनी विचारलं.

"तेही तसंच."

"फावडं कुठाय तुझं?"

"गाडीत," साहेब म्हणाले. आणि मग जरा खालच्या आवाजात, "गाडी बाहेर आहे. बर्फाखाली."

अध्यक्षांनी अग्निशमन दलाला फोन लावला. ती सगळी मंडळी दुधाचा टँकर खड्ड्यातून काढायला गेली होती, दुपारशिवाय सुटणार नव्हती. अध्यक्षांच्या घराकडचा पूल बंद होता. "काळजी नको," साहेब ताठ बसून म्हणाले. "मी सुखरूप आहे, वर्ग चालू आहे. उलट हीच खरी कसोटी! चालू द्या."

वर्ग चालू राहिला. थोड्या वेळाने वायटने हात वर केला. "सर, तुमच्या तोंडातून वाफ का येतेय?"

साहेबांच्या ते लक्षातच आलं नव्हतं. त्यांनी कान दिला. घर गरम ठेवणारी तळघरातली भट्टी गप्प झाली होती.

"नळी बुजली असणार, सर," मेव्ह म्हणाली. "जिच्यातून धूर बाहेर जातो ती. बर्फाने बुजली की भट्टी आपोआप बंद होते. दरवर्षी कुणाची तरी होतेच."

"मग काय करतात?"

"फावड्याने मोकळी करतात," सगळा वर्ग एका सुरात म्हणाला.

पुढच्या उदाहरणाला साहेब ओव्हरकोटात दिसले. त्याच्या पुढच्याला ओव्हरकोटावर रजई आली. हातमोजे गाडीत राहिले होते, म्हणून त्यांनी ओव्हनमधलं भांडं काढायचे जाडजूड हातमोजे चढवले. त्यांवर कोंबड्यांची चित्रं होती. उंटावरून शेळ्या हाकायला निघालेले साहेब आता उंटासकट गाडले गेले होते, आणि शेळ्या पडद्यावरून टक लावून बघत होत्या.

"सर, आम्ही येऊ का?" टिलीने विचारलं. ती आता खरोखरची चौकटीत बसली होती. "सगळे टेकडीवरच राहतो. सगळ्यांकडे फावडी आहेत."

"जाऊ दे की पोरांना," अध्यक्ष म्हणाले.

पेल्कीबाईंनी चष्मा पुसला. मनात त्यांना उकळ्या फुटत होत्या, पण साहेबांचं जांभळं नाक बघून कीवही येत होती. "माझी ना नाही," त्या म्हणाल्या. "पण पडद्यासमोरून उठला तो गैरहजर, हा साहेबांचाच नियम. आणि एकदा सुरू झालेला वर्ग फक्त अधीक्षकच सोडू शकतात. सुट्टी जाहीर करून."

साहेबांनी रजई घट्ट ओढली. तो शब्द त्यांनी उच्चारला की चाचणी बुडाली. उन्हाळ्यापासून रचलेला डोलारा खाली आला असता. "आपण याला... परिसर अभ्यास म्हणू," ते दात वाजवत म्हणाले. "घराबाहेरचा प-परिसर अभ्यास."

"म्हणजे बर्फाची सुट्टी?" वायटने विचारलं.

"नाही! मग... शारीरिक शिक्षणाचं प्रात्यक्षिक."

"म्हणजे बर्फाची सुट्टी?" मेव्हने विचारलं.

"ताकाला जाऊन भांडं लपवू नकोस रे, ग्रँट!" अध्यक्ष वैतागले. "बोल एकदाचं! तुझ्या मिशीवर बर्फ धरलाय!"

साहेबांनी मिशीला हात लावला. मिशी कडक झाली होती. त्यांनी एकदा पेल्कीबाईंकडे पाहिलं, डोळे मिटले आणि पुटपुटले, "आज बर्फाची सुट्टी."

"ऐकू नाही आलं, सर!"

"आज बर्फाची सुट्टी आहे!" साहेब रजईतून गरजले.

मग जो जल्लोष झाला त्याने लॅपटॉपचा भोंगा फाटायचा बाकी राहिला. एकेक चौकट रिकामी झाली. खुर्च्या उलटल्या, कुणाचं तरी दूध सांडलं, वायटच्या चौकटीत नुसता कुत्राच उरला आणि मग तोही गेला. पेल्कीबाईंनी कोट फेकला, मोत्यांची माळ साखरेच्या डब्यात टाकली, उलट्या पायजम्यावरच बूट चढवले आणि फावडं खांद्यावर टाकून बाहेर पडल्या. बर्फ थांबला होता आणि लख्ख ऊन पडलं होतं. टेकडीवरच्या प्रत्येक दारातून एकेक फावडं बाहेर येत होतं. बाईंना इतका आनंद झाला की आपण धावतो आहोत हेही त्यांच्या लक्षात आलं नाही.

सगळे तुटून पडले. टिली हुकूम सोडत होती. "मेव्ह, तू नळी बघ! वायट, तिकडे नको टाकू रे, तिकडे सरांची गाडी आहे!" बघता बघता नळी मोकळी झाली, तळघरातली भट्टी धडधडली, आणि बाईंनी शेवटचं फावडं मारताच दार उघडलं. कोंबड्यांचे हातमोजे घातलेले व्हिटलॉकसाहेब उन्हात डोळे बारीक करून उभे राहिले. पोरांनी टाळ्यांचा कडकडाट केला.

"थँक यू," साहेब म्हणाले. मग इकडेतिकडे बघून त्यांनी टिलीला हळूच विचारलं, "आता काय करायचं असतं?"

"तुम्हाला माहीत नाही?" टिलीला खरंच धक्का बसला. "आता घसरायचं!"

नाही नाही म्हणेपर्यंत पोरांनी त्यांना घसरगाडीवर बसवलंसुद्धा. टेकडीच्या निम्म्यापर्यंत साहेबांची किंकाळी ऐकू आली. निम्म्यानंतर ते हसत असल्याचं ऐकू आलं. खालच्या झुडपात ते दिसेनासे झाले, तेव्हा बाई फावडं टाकून खाली निघाल्या. पण साहेब उठले, घसरगाडी काखोटीला मारली आणि पोरांना मागे टाकत टेकडी चढून आले. "पुन्हा!" ते म्हणाले.

दुपारी बाईंनी मेपलच्या झाडाच्या रसाचा पाक उकळून ताज्या बर्फावर ओतला, आणि थिजलेल्या पाकाच्या चिकट पट्ट्या सगळ्यांनी काडीला गुंडाळून खाल्ल्या. तिथेच अध्यक्षांचा फोन आला. "ग्रँट, मंडळासाठी निकाल लिहायचाय. चाचणीचं काय लिहू?"

साहेबांचे दात पाकात रुतले होते. ते सुटेपर्यंत सगळी टेकडी श्वास रोखून उभी राहिली.

"लिहा," साहेब शेवटी म्हणाले, "शंभर टक्के हजेरी होती. टेकडीवर. आणि सुट्टीचं पूर्वी होतं तसंच राहू द्या. जूनचं जूनमध्ये बघू."

यावर पोरांनी ठोकलेल्या आरोळीने टिलीच्या घराच्या छपरावरचासुद्धा बर्फ उतरला म्हणतात. पेल्कीबाईंचा गळा पुन्हा दाटला, पण या वेळी त्यांना भाषण करायचं नव्हतं, म्हणून त्यांनी तो खुशाल दाटू दिला.

संध्याकाळी सूप पिऊन, ठणकणारी कंबर शेकत त्या वह्या तपासायला बसल्या होत्या, तेवढ्यात फोन वाजला. व्हिटलॉकसाहेब होते.

"बाई, रस्ते साफ झाले म्हणतात," ते घसा खाकरून म्हणाले. "पण मला काही खात्री वाटत नाही. तुमचा अनुभव दांडगा. उद्यासुद्धा... म्हणजे खबरदारी म्हणून..."

बाईंनी पडदा सारून बाहेर पाहिलं. आभाळ निरभ्र होतं आणि रस्ता ताटासारखा लख्ख घासलेला होता.

"साहेब, उद्या शाळा आहे."

"अर्धा दिवस?"

"पूर्ण. अपूर्णांक राहिलेत."

"बरं, बाई," साहेब म्हणाले, आणि फोन ठेवण्याआधी त्यांनी एक लांबलचक उसासा सोडला. चौथीच्या पोरांचा तो उसासा पेल्कीबाईंच्या चांगलाच ओळखीचा होता.