नील नावाचा गुणी मुलगा

"विनीत, जरा खाली ये रे. ह्या सोबतीला काय झालंय बघ."

"आई, ड्यूटीवर आहे. सहानंतर बघतो."

"साडेपाचला यादी बंद होते."

"मग उद्या बघतो."

काळाचौकीतल्या चाळीत, तिसऱ्या मजल्यावरच्या खोली नंबर तेवीसमध्ये, पाच वाजून चार मिनिटांनी एवढं बोलणं झालं. विनीत माळ्यावर मांडी घालून लॅपटॉपसमोर बसला होता. माळ्यावर उभं राहता येत नसल्यामुळे तो तीन वर्षं बसूनच नोकरी करत होता. खाली ओट्यापाशी त्याची आई बकुळाबाई हातातल्या मोबाइलकडे नापास मुलाच्या प्रगतिपुस्तकाकडे बघावं तशी बघत होती.

बकुळाबाई अठ्ठावन्न वर्षांच्या होत्या आणि किल्लेदार होत्या. 'गडकोट' नावाच्या मोबाइल गेममध्ये चाळीतल्या पाच बायकांची एक टोळी होती, तिच्या त्या प्रमुख. लढाई टॅबवर व्हायची, पण कोणी कुठला बुरूज सांभाळायचा ही यादी पाठवायला 'गडकोट सोबती' असं वेगळं ॲप होतं. आज साडेपाचपर्यंत यादी गेली नाही, तर उद्याची लढाई न लढताच हरल्यात जमा. आणि उद्याची लढाई प्रभादेवीच्या टोळीशी होती, जिच्या किल्लेदार बकुळाबाईंच्या नणंद, दीपिकावन्सं.

सोबती मात्र सकाळपासून एकच सांगत होता : नेटवर्क एरर. पुन्हा प्रयत्न करा.

मुलाने उद्याचा वायदा केल्यावर बकुळाबाईंनी ॲपमधलं 'मदत' बटण दाबलं. त्यानंतर चाळीस सेकंदांनी माळ्यावरच्या लॅपटॉपवर टिंग वाजलं. विनीतने पाहिलं. नवीन तक्रार. ग्राहकाचं नाव : किल्लेदार बकुळा राणे.

विनीत गडकोटवाल्यांच्याच मदतकेंद्रात कामाला होता. हे त्याने घरी कधी सांगितलं नव्हतं. कारण सांगितलं असतं, तर आख्खी चाळ तक्रार घेऊन शिडीला लागली असती. आई सगळ्यांना "कॉम्प्युटरवर टायपिंग करतो" असं सांगायची आणि ते खोटंही नव्हतं. कंपनीने चॅटवर त्याला नील हे नाव दिलं होतं.

नातेवाइकाची तक्रार आली तर ती फॉर्म भरून दुसऱ्याकडे सोपवायची, असा नियम होता. पण सोपवलेली तक्रार न सुटलेली धरत आणि न सुटलेलीला आपोआप एक तारा पडे. आज महिनाअखेर होती. विनीतची सरासरी चार पॉइंट चार नऊ होती. साडेचारच्या खाली राहिलेल्यांना सोमवारपासून रोज महाप्याच्या ऑफिसात जावं लागणार होतं. जायला पावणेदोन तास, यायला तेवढेच. शिवाय पँट घालावी लागणार होती.

विनीतने टाइप केलं : "नमस्कार, मी नील. मी आपली कशी मदत करू?"

"अगोबाई," खालून आवाज आला, "लगेच आला की."

बकुळाबाईंना टायपिंगचा कंटाळा होता. त्या मोबाइलमध्ये बोलायच्या आणि मोबाइल लिहून घ्यायचा. त्यामुळे प्रत्येक वाक्य विनीतला आधी माळ्याच्या फटीतून ऐकू यायचं आणि तीन सेकंदांनी पडद्यावर दिसायचं. दिसेपर्यंत त्याचं उत्तर तयार असायचं. लॅपटॉपच्या कोपऱ्यात 'अतिशीघ्र प्रतिसाद' असा हिरवा दिवा लागला. तो दिवा विनीतने तीन वर्षांत पहिल्यांदाच पाहिला.

"मोबाइल बंद करून परत चालू केलात का?"

"तीनदा केला. आता बटण झिजेल."

पुढची पायरी वाचून विनीतला घाम फुटला. पायऱ्या ठरलेल्या होत्या. एक पाठवल्याशिवाय दुसरी उघडत नसे. त्याने डोळे मिटून पाठवली : "कृपया आपला वाय-फाय राउटर तीस सेकंद बंद करून पुन्हा चालू करा."

"आई, राउटरला हात लावू नकोस हां!" तो वरून ओरडला.

"तू गप्प बस. कंपनीच्या माणसाने सांगितलंय."

खट्. नील जगातून नाहीसा झाला. बकुळाबाईंनी तीस आकडे मोजले. सव्वीसनंतर सांडशी कुठे ठेवली ते आठवलं, म्हणून पुन्हा पहिल्यापासून मोजले.

नील परत आला तेव्हा पाच वाजून चौदा मिनिटं झाली होती. "वाट पाहिल्याबद्दल धन्यवाद. आमच्याकडे थोडी तांत्रिक अडचण आली होती."

"तुमच्याकडेही का? आमच्याकडे आत्ताच गेलं होतं बघा," बकुळाबाई सहानुभूतीने म्हणाल्या.

एरर तशीच होती. तिसरी पायरी : "याच वाय-फायवर इतर अनावश्यक उपकरणं चालू असल्यास ती बंद करा."

"एक आहे. मुलाचा लॅपटॉप. अनावश्यकच आहे."

पडद्यावर हे वाक्य उमटेपर्यंत बकुळाबाईंचं डोकं शिडीतून माळ्यावर उगवलं. विनीतने लॅपटॉप फटकन अर्धा मिटला.

"दहा मिनिटं ते बंद ठेव."

"आई, मी कामावर आहे!"

"काम काय पळून जातंय? तो बिचारा माझ्यासाठी खपतोय तिकडे. आणि तू? आईचं एक काम सांगितलं तर उद्या!"

वाद घालायला वेळ नव्हता. विनीतने लॅपटॉप आपल्या फोनच्या नेटला जोडला, पण माळ्यावर त्या फोनला रेंजचा एकच दांडा मिळायचा. तो लॅपटॉप तळहातावर घेऊन शिडी उतरला आणि बाहेर गॅलरीत, शेजारच्या रखमाकाकूंनी वाळत घातलेल्या कोकमाच्या सोलांशेजारी बसला. तिथे तीन दांडे होते.

रखमाकाकूंनी त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. वर इस्त्रीचा शर्ट होता, खाली बर्म्युडा.

"काय रे झिला, कामावरसून काढल्यानी काय तुका?"

"नाही काकू. अजून नाही."

आता मदतकेंद्र आणि ग्राहक यांच्यात चार फुटांचं अंतर आणि एक उंबरठा होता. बकुळाबाई दारातल्या स्टुलावर बसून नीलची उत्तरं मोठ्याने वाचून दाखवत होत्या. "ऐक. 'आपल्याला झालेल्या त्रासाबद्दल मनापासून दिलगीर आहे.' मनापासून म्हणतो! अशी भाषा कानावर पडायला पण नशीब लागतं."

विनीत मान खाली घालून आणखी दिलगीर झाला.

चौथी पायरी : "मोबाइलमधली तारीख आणि वेळ बरोबर आहे का? आत्ता किती वाजलेत?"

"पाच एकतीस," बकुळाबाई म्हणाल्या.

विनीतच्या लॅपटॉपवर पाच एकवीस झाले होते. त्याने हळूच कपाळाला हात लावला. राण्यांच्या घरात प्रत्येक घड्याळ दहा मिनिटं पुढे असे. त्याचे आजोबा गिरणीत होते आणि भोंग्याला उशीर नको म्हणून त्यांनी ही पद्धत पाडली होती. गिरणी गेली, भोंगा गेला, दहा मिनिटं राहिली. घरातल्या सगळ्यांना ती माहीत असल्यामुळे जो तो मनात दहा वजा करायचा आणि व्हायचा तेवढा उशीर व्हायचाच. काल आईने नव्या मोबाइलचंही घड्याळ पुढे करून त्याला घरात घेतलं होतं, इतकंच.

"आपलं घड्याळ दहा मिनिटं पुढे आहे. त्यामुळेच सोबती जोडला जात नाही. कृपया वेळ बरोबर करा."

"बरोबरच आहे. आमच्याकडे पुढेच असतं. मामंजींपासून."

मुलगा म्हणून विनीतकडे या वाक्याला उत्तर होतं आणि ते दोन शब्दांचं होतं. पण इथे तो नील होता. त्याने लिहिलं : "आपल्या मामंजींबद्दल आम्हाला पूर्ण आदर आहे. परंतु आमच्या सर्व्हरला दहा मिनिटं वजा करता येत नाहीत."

"मग त्याला उशीर होत नाही का?"

"तो घरूनच काम करतो."

बकुळाबाई विचारात पडल्या. पाच चोवीस झाले. त्यांनी आत जाऊन मामंजींच्या तसबिरीकडे बघितलं, बाहेर आल्या, पुन्हा स्टुलावर बसल्या.

विनीतने टाइप केलं : "भिंतीवरचं घड्याळ पुढेच ठेवा. ते घराचं आहे. मोबाइल फक्त बाहेरच्या जगाचा आहे, त्याला बाहेरची वेळ लावू. मामंजीही गिरणीच्या घड्याळाला हात लावत नसतील."

"नाही हो, तिथे कसा लावतील!" बकुळाबाई एकदम म्हणाल्या. "ह्याला म्हणतात समजावणं. विनीत असता तर अंगावर ओरडला असता."

त्यांनी वेळ बदलली. सोबती उघडला. पाच सत्तावीसला यादी गेली. चाळीच्या गॅलरीत बकुळाबाईंची आरोळी उठली आणि रखमाकाकू, ज्यांना दक्षिण बुरूज मिळाला होता, हात पुसत धावत आल्या.

मग बकुळाबाईंनी नीलला पाच तारे दिले आणि अभिप्रायाच्या चौकोनात बोलायला लागल्या. चार मिनिटं बोलल्या. विनीत समोर बसून सगळं ऐकत होता. मुलगा किती शांत, किती अदबीचा, आईने कसे संस्कार केले असतील त्या माउलीच्या पाया पडावंसं वाटतं, नाहीतर आमच्याकडचा नमुना. शेवटी लग्न झालंय का, तेही विचारलं.

सरासरी चार पॉइंट पाच झाली. विनीतने सोलांवर हात टेकून आकाशाकडे बघितलं. महापे टळलं होतं.

पाच पन्नासला त्याच्या टीमलीडर मृणालिनी मॅडमचा फोन आला.

"विनीत, मी तुझी शेवटची चॅट आत्ता सगळ्या मॅनेजर्सना दाखवली. अरे, बाईंचं वाक्य पूर्ण व्हायच्या आत तू उत्तर लिहायला घेतोस! ग्राहकाच्या घरात शिरून विचार करतोस तू!"

"तसंच काहीसं आहे, मॅडम."

"सोमवारपासून तू ट्रेनर. नवीन पोरांना हेच शिकवायचं."

"थँक यू मॅडम. झूमवर ना?"

"छे! महाप्याला. आठवड्याचे सहा दिवस."

विनीतने घरून काम करण्याचा हक्क सांगून पाहिला. मॅडम म्हणाल्या, तो आहेच, पण एजंटला. ट्रेनरला नाही.

रात्रीच्या जेवणाला त्याने आईला, आता रोज महाप्याच्या ऑफिसला जावं लागणार, एवढंच सांगितलं. बकुळाबाईंना बरं वाटलं. माळ्यावर बसून मुलगा कुबडा होईल अशी त्यांना भीती होतीच. मग त्यांनी ॲपच्या 'मदत'मध्ये सहज चौकशी केली, तर कळलं की नीलचं ऑफिसही महाप्यालाच आहे.

सोमवारी त्यांनी विनीतच्या हातात दोन डबे दिले. "हा तुझा. आणि ह्यात नारळाच्या वड्या आहेत, त्या नीलला दे. आणि जरा त्याच्या हाताखाली राहा. काहीतरी शीक."

संध्याकाळी पावणेआठला विनीत दोन्ही डबे रिकामे घेऊन घरी आला.

"आवडल्या का त्याला?"

विनीतने वर्षानुवर्षं दाबून ठेवलेलं सत्य सांगून टाकलं. "म्हणाला, साखर फार होते."

बकुळाबाईंनी वड्यांचा रिकामा डबा उघडून पाहिला. मग समाधानाने मान हलवली.

"बघ. तोंडावर खरं सांगणारा कोणीतरी लागतो," त्या म्हणाल्या. "तू इतकी वर्षं खातोयस, पण बोललास का कधी?"